सुटलेला भाऊ

(भोर संस्थान, १९३८. भर दुपारी वकील आनंदरावांच्या बैठकीत कुंडलिकची बायको सगुणाबाई आणि त्याचा धाकटा भाऊ ज्ञानू.)

सगुणाबाई: भावजी सुटले, मग आमच्या मालकांस्नी का सोडत न्हाईत? मारामारी एकच, रान एकच.

आनंदराव: पण रानशिपायाला मारल्याचे खटले दोन झाले, बाई. कुंडलिक पळाला म्हणून ज्ञानूचा आधी चालला. कुंडलिक सापडला चार महिन्यांनी. त्याचा आता सोमवारी उभा राहतोय.

सगुणाबाई: दोगं व्हते असं त्यो रानशिपाईच बोलला न्हवं? त्येचं म्हननं भावजींच्या वक्ताला पटलं न्हाई, मग आमच्या वक्ताला कसं पटंल?

आनंदराव: हेच मी कोर्टापुढं मांडणार आहे. तिन्हीसांजेच्या धुक्यात शिपायाला तोंडं नीट दिसली नाहीत, म्हणून ज्ञानू सुटला. पण कुंडलिकवर आणखी दोन गोष्टी आहेत. त्याची कुऱ्हाड तिथं सापडली, आणि तो पळाला. ज्ञानू सुटला म्हणून त्या पुसल्या जात नाहीत. शिवाय निकालात ज्ञानूचा जबाब आहे.

ज्ञानू: ऱ्हाऊ द्या सायेब. वैनीला काय कळायचं त्यातलं?

सगुणाबाई: वाचा तुमी.

आनंदराव: “त्या दिवशी मी तापानं घरी पडून होतो. माझा भाऊ कुंडलिक कुऱ्हाड घेऊन रानात गेला होता.”

सगुणाबाई: भावजी, ह्ये तुमी बोलला?

ज्ञानू: दादा तवा ममईत व्हता. म्हनलं, गावलाच न्हाई तर त्येचं काय वाईट व्हतंय?

सगुणाबाई: ताप कुनाला आल्ता? तुमच्या कुऱ्हाडीचा दांडा मोडला म्हनून आमची म्याच दिली तुमच्या हातात. ह्या हातानं.

आनंदराव: हे आजवर का नाही सांगितलंत?

सगुणाबाई: सासूबाईंनी गळ्याची आन घातली. म्हनाल्या, धाकट्याला आदी सुटू दे, थोरल्याला कोन धरतंय? आन् भावजी, नसरापूरला नेऊन मालकांस्नी मोटारीत कुनी बशिवलं? “तू जा, हितलं म्या बगतो,” ह्ये कुनाचं बोलनं?

ज्ञानू: माजंच.

सगुणाबाई: पळाला की समदं त्येच्यावर जाईल, ह्ये तवाच मनात व्हतं?

ज्ञानू: न्हाई... काय सांगू वैनी, माजं मलाच उमजंना झालंय.

आनंदराव: शिपायाचा हात कुणी मोडला?

ज्ञानू: म्या. साग तोडताना त्येनं धरलं. दादा गुरं वळवाय आल्ता, वरडा ऐकून धावला. मला मागं वढलं त्येनं. न्हाईतर शिपाई जित्ता ऱ्हायला नसता.

आनंदराव: हे शपथेवर सांगितलंस तर कुंडलिक सुटू शकेल. आता तू आरोपी नाहीस, साक्षीदार होऊ शकतोस.

ज्ञानू: आन् मला परत धरलं तर?

आनंदराव: सुटका कायम झाली की त्याच गुन्ह्यात परत धरता येत नाही. पण तुझ्या सुटकेवर सरकारला अपील करता येतं, आणि त्याची मुदत अजून दोन महिने आहे. मी कुंडलिकचा वकील आहे, तुझा नाही. दुसऱ्या कुणाचा सल्ला घे.

ज्ञानू: दोन म्हैन्यांनी सांगितलं तर?

आनंदराव: कोर्ट थांबायचं नाही.

सगुणाबाई: त्येला कोंडलाय तितं ज्ञानू, आन् तू दिस मोजतूस? परवा भेटाय गेले तर मला म्हनला, “ज्ञानूला जप, लई भित्रा हाय.”

ज्ञानू: असं म्हनला दादा?

सगुणाबाई: असंच. आन् म्या मान हालवून आले.

ज्ञानू: घाला सायेब माजं नाव साक्षीदारात.

आनंदराव: सल्ला घेऊन मग सांग.

ज्ञानू: इचारत बसलो तर धीर ऱ्हायचा न्हाई. लिवा.

आनंदराव: बरं. सोमवारी सकाळी अकराला कोर्टात ये.

ज्ञानू: येतो. चला वैनी, उन्हं कलायच्या आत घर गाटू.

सगुणाबाई: तू म्होरं हो. मला दिसशील असा चाल.