हसले की साखर बघायची

— नाही गं, घाम येतो यांना, पण अगदी शेवटी. आणि हात थरथरायचे, ते हृदयाच्या गोळ्या सुरू झाल्यापासून कळेनासेच झालेत. तुला अगं-तुगं केलं तर चालेल ना, सिस्टर? उद्या माझं मोतीबिंदूचं ऑपरेशन, चार-आठ दिवस मला या वृद्धाश्रमात फिरकता यायचं नाही, म्हणून बसवून घेतलं तुला. तर यांची साखर उतरली की पहिली खूण वेगळीच — हे हसायला लागतात. खरंच. एरवी बघतेस ना, भिंतीकडे तोंड करून पडलेले, हो-नाहीच्या पुढे शब्द नाही. आणि मग एकदम उठून बसतील, पांघरुणाची घडी घालतील, तुला विचारतील, काय बाईसाहेब, जेवलात का? तुला वाटेल, आज काका खुशीत आहेत. सगळ्यांना तसंच वाटतं. तुझ्या आधीच्या सिस्टरनं तर आनंदानं मला फोन केला, काकू, काका चक्क गप्पा मारतायत म्हणून. मी म्हटलं, फोन ठेव आणि आधी बोट टोचून मशीनवर बघ. पन्नासच्याही खाली गेलेली, बाई.

म्हणून सांगते, हसले की साखर बघायची. चिडतील, चिडू देत. सत्तरच्या खाली असली की अर्धा पेला पाण्यात तीन छोटे चमचे ग्लुकोज — डबा त्या उशाजवळच्या कपाटात — पाव तासानं पुन्हा मशीन, वर आली की दूध-बिस्किटं. मान टाकली असेल, गिळता येत नसेल, तर तोंडात थेंबही घालायचा नाही, डॉक्टरांनाच बोलवायचं. हे तुला शिकवलेलंच असणार म्हणा, मी काय सांगणार.

आणि हो — टिल्लू आली का, असं विचारतील. तर येईल म्हण. नाही, कुणी यायचं नाहीये. आमची मुलगी. स्कूटरवरून कामाला निघाली होती, वळणावर ट्रक आला — झाली बरीच वर्षं. आदल्या दिवशी बाप-लेकीचं वाजलं होतं, तिला दुसऱ्या गावी नोकरी मिळत होती आणि यांनी साफ नाही म्हटलं. सकाळी ती येते म्हणाली, तर यांनी पेपरातून मान वर केली नाही. त्यानंतर तिचं नाव घेणंच टाकलं यांनी. मी काढलं की उठून जायचे. मग मी बोलायचं कुणाशी तिच्याबद्दल? साखर उतरली की तेवढे बोलतात — ती कशी चालायची, सायकलवरून कशी पडायची, सगळं. तेवढंच काय ते.

परवा दुपारी मी यांची नखं कापत होते. पाय ओढून घेतला न् म्हणाले, टिल्लूला चहा टाक, दमून येईल. मी मशीन लावलं, उतरलेलीच होती. ग्लुकोज ढवळत होते, तर माझं मनगट धरलं. म्हणाले, "तिला सांगायचं राहिलंय. त्या सकाळी मी पेपर वाचतच नव्हतो. मी —"

आणि मी पेला ओठाला लावला. लावावाच लागतो ना? शहाण्या मुलासारखे प्यायले सगळं. जरा वेळानं मी हळूच विचारलं, काय सांगायचं होतं हो? म्हणाले, कुणाला? आणि वळले भिंतीकडे.

दर वेळी मीच आणते यांना परत. तिकडे ती असते ना गं, यांच्या शेजारी बसलेली, आणि मी माझ्याच हातानं —

नाही, रडत नाहीये, डोळ्याला पाणी येतं त्या मोतीबिंदूनं. मी काय म्हणत होते — मी नसताना असं झालं, तर पेला आधी. थांबायचं नाही, काही विचारत बसायचं नाही, आधी पेला. पण पिता पिता, त्या सकाळबद्दल काही बोलले — तर ध्यानात ठेवशील? जसंच्या तसं?

नाहीतर असू दे. नकोच ते. जा तू, पलीकडच्या आजी कधीच्या हाका मारतायत.