अक्कांचा हात थांबला

भाकरीवरून गाणं तपासणारा माणूस तुम्ही पाहिलाय का? मी अमळनेरला पाहिला. अहिराणी गाणी स्वतः लिहून गाणारे नाना. आमच्याकडे हळद असली की यांचं गाणं वाजतंच. एमएच्या प्रकल्पासाठी मी त्यांना विचारलं, "गाणं चालणार हे आधी कसं कळतं?"

ते मला थेट चुलीपाशी घेऊन गेले. त्यांच्या थोरल्या बहीण, अक्का, भाकरी थापत होत्या. दुसऱ्या दिवशी धुळ्याला ज्याचं रेकॉर्डिंग होतं, ते नवं गाणं नानांनी म्हटलं. दुसऱ्या ओळीला अक्कांचा हात थांबला. मी वहीत लिहिलं, 'अक्का तल्लीन.'

"गयं गानं," नाना म्हणाले. मी दचकलेच. "हळदीत बाया काम करता करता गातात. हात थांबला म्हणजे गाणं नुसतं ऐकायचं झालं."

"ओळ लांब शे, दम पुरत नही," अक्का म्हणाल्या. नानांनी ओळीतले दोन शब्द गाळले. "आते मी नको, मले सवय व्हयी गयी," अक्का उठत म्हणाल्या. "या पोरले बसाड."

मी परातीपुढे बसले. एवढ्या मोठ्या माणसाचं रेकॉर्डिंग माझ्या हातावर, आणि मला भाकरी येत नाही. नाना गाऊ लागले. मी भीतभीत थापत राहिले आणि मध्येच कधी त्यांच्याबरोबर गाऊ लागले, कळलंच नाही.

गाणं संपल्यावर नाना अक्कांकडे बघत राहिले. अक्कांनी माझी फाटलेली भाकरी उचलली आणि गोठ्यातल्या गाईकडे बोट केलं.

"भाकर गायले टाक," त्या म्हणाल्या, "गानं धुळ्याले धाड."