रांगिटोटोवरचा दुभाष्या

(ऑकलंडजवळचं रांगिटोटो बेट. सहलीच्या ट्रॅक्टरला जोडलेला उघडा डबा, त्यातला शेवटचा बाक. पुढे गाईड मुलगी माईकवर इंग्रजीतून माहिती देते आहे.)

बाळ : ...आणि म्हणून, ती म्हणते, हा ज्वालामुखी फुटला तो गुरुवारी.

शकु : गुरुवारी?

बाळ : सहाशे वर्षांपूर्वीच्या गुरुवारी, सकाळी साडेनऊला. आधी समुद्रातून वाफ आली, मग हा काळा दगड वर आला. दुपारच्या जेवणापर्यंत बेट तयार.

शकु : वारसुद्धा सांगितला तिने?

बाळ : इथे नोंदी चोख असतात.

शकु : मला नुसतं 'सहाशे' ऐकू आलं.

बाळ : तुला त्यांचे उच्चार कळायचे नाहीत, शकु. टेलिफोन एक्स्चेंजमधलं इंग्रजी वेगळं. 'होल्ड द लाइन', 'नंबर बिझी', संपलं. या इंग्रजीला सराव लागतो.

शकु : तो तुम्हाला तीन महिन्यांत झाला.

बाळ : कानावर पडतं ना सारखं.

शकु : कानावरून आठवलं. नितीशने उद्या अकराची वेळ घेतलीय. कानांच्या डॉक्टरची.

बाळ : तुझ्या लेकाला सांग, रद्द कर. माझे कान ठणठणीत आहेत. इथली माणसंच तोंडातल्या तोंडात बोलतात. वाऱ्यापायी. वेलिंग्टनला एकाने मोठ्याने 'गुड मॉर्निंग' म्हटलं, तर वाऱ्याने त्याचं 'मॉर्निंग' समुद्रापार नेलं. बिचारा संध्याकाळपर्यंत नुसतं 'गुड, गुड' करत हिंडत होता.

शकु : तुम्ही कधी गेलात वेलिंग्टनला?

बाळ : जायला कशाला लागतं? आणि ऐकू येत नसतं, तर तुझं कसं आलं असतं?

शकु : माझा आवाज एकतीस वर्षं ट्रंक कॉलवर गेलाय. तोही तुमच्या डाव्या कानात. इराचं ऐकू येतं का, ते सांगा.

बाळ : ती बोलेल तर ऐकू येईल! सहा वर्षांची पोर, पण तीन महिन्यांत आजोबाशी दोन वाक्यं बोलली असेल तर शपथ. इथं जन्मलेल्या पोरांना आपलं कळतं, पण उत्तर इंग्रजीत. आता तर तेही बंद. दारातून माझ्याकडे बघते आणि निघून जाते. मी काय राक्षस आहे? पुण्यात सोसायटीतली सगळी पोरं माझ्या मांडीवर असतात. पुढच्या शुक्रवारी विमान. पुन्हा येऊ तेव्हा ती माझ्या खांद्याला लागेल, आणि मी कोण ते तिला फोटोत दाखवावं लागेल.

शकु : हं. ती बघा, गाईड झाडाकडे हात करतेय.

बाळ : तेच ऐकतोय. हा पोहुतुकावा. याला माती लागत नाही, पाणी लागत नाही. बी दगडावर पडलं की झाड दगडाकडे नुसतं बघत राहतं. दहा वर्षं, वीस वर्षं. शेवटी दगडालाच लाज वाटते, तो पाणी काढून देतो.

सानिका : काकू... सॉरी हं, मी याच बाकाच्या टोकाला बसलेय, पण सगळं ऐकू येतंय. तुम्ही पुण्याच्या का?

शकु : हो. तू?

सानिका : नाशिक. सानिका. शिकायला आले आणि राहिलेच. इथेच ऑकलंडमध्ये, माउंट वेलिंग्टनला ऑफिस आहे. सात वर्षं रोज हे बेट लांबून बघते, आज फायनली आले. काकू, एक विचारू? ती गाईड असलं काहीच म्हणाली नाहीये.

शकु : ठाऊक आहे मला.

सानिका : म्हणजे तुम्हाला कळतंय ती काय बोलते ते?

शकु : शब्द न् शब्द. ऑस्ट्रेलियाचे, स्कॉटलंडचे, सगळ्यांचे कॉल जोडलेत मी. कुणाचं इंग्रजी अडत नाही.

सानिका : काकू, हळू! काका ऐकतील ना!

शकु : नाही ऐकणार.

सानिका : अहो, ते इथे, तुमच्या शेजारी...

शकु : माझं तोंड तुझ्याकडे आहे. आता काही बोल. काहीही बोल.

सानिका : काका, तुमच्या टोपीवर सीगल बसलाय!

शकु : बघ.

सानिका : ओ माय गॉड. काहीच नाही ऐकू आलं त्यांना?

शकु : चाळीस वर्षं छापखान्यात मशीनच्या शेजारी उभे होते. उजवा कान गेला, डाव्यात थोडं उरलंय. पण कबूल करतील तर ना. माईकचं तर त्यांना नुसतं खरखर खरखर. मग मधल्या जागा स्वतःच भरतात.

सानिका : आणि तुम्ही चालू देता?

शकु : ट्रॅक्टरच्या धुरात 'खनिजं, ऑक्साइड' ऐकण्यापेक्षा बरं आहे. नाही का?

सानिका : झाडाचं हीप्स, म्हणजे खूपच बरं होतं, खरं सांगायचं तर.

बाळ : कोण गं ही? ओळखीची?

शकु : सानिका! नाशिकची!

बाळ : अरे वा! मग हिलाही ऐकू दे. बेटा, ती आता रस्त्याबद्दल सांगतेय. हा रस्ता बांधला जावयांनी. त्या काळी सासऱ्याशी पटत नसलेले जावई इथे पाठवायचे. दिवसभर दगड फोडायचा, संध्याकाळी सासऱ्याला पत्र लिहायचं.

सानिका : काकू, ती 'प्रिझनर्स' म्हणाली.

शकु : कैदीच ते. फार फरक नाही.

बाळ : काय म्हणते ती?

शकु : छान सांगता म्हणते!

बाळ : थांबला ट्रॅक्टर. चला, आता पायऱ्या. माथ्यापर्यंत लाकडी जिना आहे. किती पायऱ्या ते तिने सांगितलं नाही, लोक घाबरतात म्हणून.

शकु : तिने तीनदा सांगितलं. गुडघा जपून, बरं का. आणि मधे मधे थांबा.

बाळ : मी थांबत नसतो. मी माहिती देतो. हां, इथे थांबा. हा कठडा दिसतोय? यावर एक महत्त्वाची गोष्ट घडली.

सानिका : काका, तुम्ही दर दहा पायऱ्यांनी गोष्ट सांगताय. आतापर्यंत सात झाल्या.

शकु : सांगू दे गं. श्वास गोळा करतायत.

सानिका : पोहोचलो! वॉव! काका, तो बघा स्काय टॉवर, ते डाउनटाउन!

बाळ : हो हो, छान छान.

सानिका : आणि तिकडे लांब आपलं... तुमचं घर कुठे आहे?

बाळ : हो हो, फार छान.

शकु : फ्लॅट बुशला. इथून नाही दिसायचं. चिवडा खाणार का? सँडरिंगहॅमच्या देशी दुकानातून आणलाय. बंद पाकीट आहे, जेट्टीवर तपासलं त्यांनी. फक्त सांडायचा नाही, या बेटावर उंदीर नाहीत आणि त्यांना येऊ द्यायचे नाहीत.

बाळ : थांबा. गाईड काहीतरी विचारतेय. सगळे हात वर करतायत. मीही करतो.

शकु : अहो, कशाला करताय...

बाळ : केला. दोन्ही केले. बघ, खूश झाली ती. इकडेच येतेय. यस, यस! व्हेरी नाइस! स्वीट ॲज! इथे 'छान'ला असंच म्हणतात. बघ शकु, हातात हात घेऊन हलवला. हे काय दिलं? कागद. प्रशस्तिपत्रक असणार. ज्येष्ठ नागरिक, शिखर सर केलं म्हणून.

सानिका : काका, तो नकाशा आहे.

बाळ : काय?

सानिका : न-का-शा! ती विचारत होती, कोण ट्रॅक्टरने परत न जाता लाव्ह्यातून पायी जेट्टीवर जाणार? ती पुढची पोरंपोरी ट्रॅम्पिंग क्लबची आहेत, डोंगर पायी तुडवणारी. त्यांनी हात वर केले. आणि तुम्ही!

शकु : दोन्ही.

बाळ : ...मग बरोबर आहे. मी मुद्दामच केले.

शकु : पायी जाणार?

बाळ : का नाही? सिंहगड किती वेळा चढलोय मी?

शकु : एकदा. अठ्ठ्याऐंशी साली. खाली टेम्पोतून आलात.

बाळ : तेव्हा टेम्पोवाल्याला सोबत हवी होती. मला ठाऊक होतं ती काय विचारतेय. चाललो मी. जेट्टीवर भेटू.

सानिका : काकू, ऊन बघा, सगळा काळा दगड तापलाय. तासभर तरी लागेल. आणि शेवटची फेरीबोट चुकली तर इथे दुकान नाही, पाणी नाही, काहीच नाही. मी जाऊन गाईडला सांगू का, की चुकून झालं?

शकु : थांब. तिला नको. त्यांनाच सांगते. अहो! उभे राहा! इकडे, डावा कान इकडे करा.

बाळ : हा बघ, उभा आहे. बोल.

शकु : परवा शाळेतून आल्यावर इरा तुमच्याशी काय बोलली?

बाळ : कुठे बोलली? पेपरमागे उभी राहिली आणि गेली.

शकु : बोलली. मराठीत बोलली. हळू बोलते ती, तिच्या आईवर गेलीय. दोन दिवस माझ्याकडून ते वाक्य घोकून घेतलं होतं तिने. म्हणाली, 'आजोबा, तुम्ही शुक्रवारी जाऊ नका ना.' आणि तुम्ही काय म्हणालात, ठाऊक आहे?

बाळ : नको सांगू.

शकु : 'हो हो, छान छान.' पेपरमधून मान वर न करता.

बाळ : नको म्हटलं ना, शकु.

शकु : मग स्वयंपाकघरात आली आणि मला विचारलं, आजोबांना जायला छान वाटतं का? महिनाभर ती गोष्ट मागतेय तुमच्याकडे. दर वेळी छान छान. मग दारातूनच परत जायला लागली. राक्षस नाही म्हणत कुणी तुम्हाला. तिला वाटतं, तिचं मराठी चुकतंय.

बाळ : ...तू आधी का नाही बोललीस?

शकु : वीस वेळा बोलले. तेही छानच होतं.

सानिका : काकू, ट्रॅक्टरवाल्याने हॉर्न दिला.

शकु : ऐकलं. बोला, कुठून जायचं? नकाशा हातात आहे तुमच्या.

बाळ : ...सानिका, बेटा, तुझे पाय तरणे आहेत. पुढे पळ आणि त्या गाईडला सांग, या गृहस्थांचा गुडघा...

शकु : गुडघा?

बाळ : ...बरं. कान. कान म्हणून सांग. ऐकू आलं नाही म्हणून हात वर केले, असं सांग.

सानिका : स्वीट ॲज, काका! थांबवते त्यांना!

शकु : सावकाश उतरा. कठडा धरा. गोष्ट नाही का या पायरीवर?

बाळ : नाही.

शकु : या?

बाळ : गप उतरू दे गं.

सानिका : या, या, जागा धरलीय! काका, ती म्हणाली नो वरीज. तिच्या आजीलाही कानाचं मशीन आहे म्हणे. सगळ्यात पुढच्या बाकावर बसा, माईकजवळ.

बाळ : आता माझ्या कानांबद्दल सगळ्या बेटाला कळलं. या पक्ष्यांना राहिलं असेल सांगायचं.

शकु : बसा. सुरू केलं तिने बोलायला.

बाळ : शकु.

शकु : काय?

बाळ : काय म्हणाली गं ती?

सानिका : काकू, त्यांनी विचारलं!

शकु : पंचावन्न वर्षांत पहिल्यांदा. थांब, नीट सांगू दे. म्हणाली, ते शेजारचं हिरवं बेट दिसतंय, त्याचं नाव मोटुटापू. हा डोंगर फुटला तेव्हा तिथे माओरी लोक राहत होते. सगळी राख त्यांच्यावर पडली. ते परत आले, ओल्या राखेतून चालले, आणि त्यांची पावलं तशीच राहिली. मोठ्या माणसांची, लहान मुलांची. आणि बरोबर कुत्रा होता, त्याचीसुद्धा. सहाशे वर्षं.

बाळ : ही थाप आहे.

शकु : नाही.

बाळ : कुत्र्याची पावलं? हे तू घातलंस. इतक्या वर्षांच्या संसारात शिकलीस माझ्याकडून.

सानिका : काका, शप्पत, खरंच म्हणाली ती! कुत्र्यासकट!

बाळ : मग मी सकाळपासून कशाला घाम गाळला? गुरुवार काय, जावई काय... याच्यापुढे ते सगळं फिकं आहे.

शकु : झाड बरं होतं.

बाळ : झाड बरं होतं ना? तेही सांगेन. इराला आधी झाड, मग कुत्रा. पण ती मधे प्रश्न विचारेल.

शकु : विचारेलच. कुत्र्याचं नाव काय होतं, हा पहिला.

बाळ : तोही हळू आवाजात.

शकु : हळूच.

बाळ : ...उद्या किती वाजता म्हणालीस?

शकु : अकरा.

बाळ : काय?

शकु : अकरा! इकडे करा कान. अ-क-रा! आता आलं ऐकू?

बाळ : पहिल्यांदाच आलं होतं. म्हटलं, जवळ येऊन सांगतेस का बघू.