ज्या महिन्यात कोणी मरत नाही

एखाद्याने मनातच एक देश बनवला आणि तो माणूसच गेला, तर त्या देशात आज तारीख कोणती? मी पुष्कळांना विचारलं.

माझ्या दादाने असा देश बनवला होता. आजारपणात खाटेवर पडल्या पडल्या त्याचं कॅलेंडरही वहीत लिहिलं. तिथला महिना दिवस मोजून संपत नसे. शेवटचं मोहफूल पडलं की मोहफुलाचा महिना संपला. मोहर्लीच्या जंगलात जाऊन ते पाहायचं काम माझं. आणि त्या महिन्यात कोणी मरत नाही, हा दादाचाच नियम.

यंदा डॉक्टरांनी हात टेकले, तेव्हाच झाडंही रिकामी झाली. मी घरच्या मडक्यातली वाळलेली फुलं भिजवून रोज त्याला दाखवू लागलो.

"दादा, झाडावरून फुलं अजून पडूनच राह्यली."

एक दिवस त्याने फूल हुंगलं. "काऊन बे, आता झाडाले मडक्यातली फुलं लागतात का?" हसता हसता त्याला धाप लागली.

"तुले कधी समजलं?"

"पहिल्याच दिवशी. आता थकलो रे. लिव, महिना संपला."

"मी नाई लिवत."

"ज्यानं झाड पाह्यलं, त्यानंच लिवायचं. नियम आहे."

मी रागाने वही फेकली. त्याने खाटेवरून हात लांबवला, पण तो वहीपर्यंत पोचला नाही. मग मीच ती उचलली. चौथीत शाळा सोडलेला मी, एकेक अक्षर जोडत लिहिलं आणि त्याला वाचून दाखवलं. त्याच्यासाठी मी केलेलं शेवटचं काम तेच.