कंपनीचं गेट माझ्या हॉटेलासमोर

मी सौद्यात कधी फसत नाही म्हणता? अहो, मुलुंडला फसलो ना. एका बड्या कंपनीला कारखान्यासाठी माझी जागा हवी होती. मी म्हटलं, "साहेब, स्वस्तात देतो, पण कामगारांचं गेट माझ्या हॉटेलासमोर काढा." साहेब कबूल झाले.

कारखाना सुरू झाला. पहिल्या दिवशी जेवणाचा भोंगा झाला तरी गेटातून कुणी बाहेर येईना. भज्यांचा घाणा गार होत चालला, माझा पाय एका जागी ठरेना. शेवटी दरवानाला विचारलं, "काय रे, माणसं कुठायत?"

"आत जेवतायत शेठ. कंपनीने कँटीन काढलंय, दोन आण्यांत पोटभर."

तसाच साहेबांकडे गेलो. "साहेब, शब्द मोडलात."

ते म्हणाले, "शेठ, गेट मागितलंत, गेट दिलं. भूक कुठं मागितली होतीत?"