आत राहिलेलं कुत्रं

कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात नंबर लावून बसलेली शिंपीण मनातल्या मनात चडफडत होती. पुढे काउंटरवर एक नवराबायको आपलं जुनं मशीन घेऊन उभे होते, आणि दुकानदाराशी त्यांचं बोलणं काही आटपत नव्हतं.

"मावशी, तुमच्या लेकीचा हा एकच गेम सगळी जागा अडवून बसलाय. काढू?"

"मुळासकट उपटा. शेवटच्या आजारपणात त्यातच डोकं घालून बसायची. आईशी धड दोन शब्द बोलली नाही."

"गेम काढला तरी तिने खेळलेलं दुसऱ्या फोल्डरमध्ये उरतं. तेही पुसू?"

"पुसा."

"थांबा हं. यात आज सकाळची फाइल दिसतेय."

"आज? अहो भाऊ, तिला जाऊन वर्ष झालं!"

"तारीख तर आजचीच आहे. कोणीतरी रोज उघडतंय."

"अहो, ऐकलंत? घरात तुम्ही आणि मी. तोंडात गुळणी धरून काय उभे राहिलात?"

"मीच उघडतो."

"तुम्ही? तुम्हाला साधा फोन लावता येत नाही!"

"बाकी काही येत नाही मला. आत तिचं कुत्रं आहे. रोज खायला घातलं नाही, तर ते निघून जातं. तिचा हात उचलेना, तेव्हा तिनेच मला शिकवलं."

"बरं काका, गेम राहू दे. पण मशीन साफ करावं लागेल. ठेवून जा, परवा न्या."

मावशींनी दोन्ही हातांनी मशीन जवळ ओढलं.

"परवा नको, भाऊ. उद्या त्याला खायला कोण घालणार?"