एकोणीसशे वर्षांचे विमेदार

यूशानची नोकरी वाचली. पण ते विसरा, अजून काहीच झालेलं नाही. तैपेईतल्या न्याहारीच्या रांगेत तो लॅपटॉप हातावर तोलत उभा आहे आणि विमा कंपनीतल्या अनुभवी सहकारी सूहुआताईंना अडचण सांगतो आहे.

“सूहुआताई, क्वेरीत सगळे विमेदार एकोणीसशे वर्षांचे निघाले! मेलेले समजून पॉलिस्या बंद पडल्या, तर साहेब मला घरी बसवतील.”

“जन्मसाल काय दिसतंय?”

“सत्तर.”

“अरे दिवट्या, ते आपल्या तैवानी प्रजासत्ताकाचं सत्तर, एकोणीसशे बारापासून मोजलेलं! तू तारखेच्या रकान्यात ओतलंस, क्लाउडने इसवी सन धरला. आधी नुसता आकडा ठेव, एकोणीसशे अकरा मिळव, मग तारीख बनव.”

“चालली! सगळे जिवंत! ताई, अंडापोळी माझ्याकडून.”

“आता आपल्याकडच्या रिवाजाप्रमाणे सर्व्हरवर ‘गुणी बाळ’ नावाच्या कुरकुऱ्यांचं हिरवं पाकीट ठेव, म्हणजे पाकिटाची मुदत संपेपर्यंत तो गुणी बाळासारखा वागेल.”

“क्लाउडमध्ये? कुठे ठेवू?”

“अर्ज कर.”

“सांगा, लिहितो.”

“माननीय क्लाउड व्यवस्थापक, आमच्या डेटाच्या माथ्यावर एक पाकीट मावेल एवढी जागा द्यावी आणि मुदत संपण्यापूर्वी ते स्वखर्चाने बदलावे, ही नम्र विनंती.”